मागची रांग

कुंडीशेठचा कुणावर विश्वास नव्हता. सरकारवर नव्हता, त्याबद्दल कुणी त्याला नावं ठेवली नसती. पण पाववाल्यावर नव्हता, हवामानाच्या बातम्यांवर नव्हता, आणि गेली कित्येक वर्षं सख्ख्या वहिनीवरही नव्हता. पाववाल्याचं आणि हवामानाचं एक वेळ सोडून देऊ. वहिनीचं मात्र त्याला सोडवत नव्हतं.

कुंडीशेठ हे नाव त्याला समोरच्या टायरवाल्याने ठेवलं होतं. हमरस्त्याला लागून कुंडीशेठची रोपवाटिका होती, आणि एवढ्या ऐसपैस जागेत एक रोप म्हणून जमिनीत लावलेलं नव्हतं. गुलाब कुंडीत, लिंबू कुंडीत, डाळिंब, अंजीर आणि कलमांसाठी जपलेली मोठी झाडं निळ्या प्लॅस्टिकच्या अर्ध्या पिंपांत. गिऱ्हाईक विचारायचं, पायाखाली एवढी काळीभोर माती असताना हे असं का? कुंडीशेठ कोपऱ्यातल्या लाल दगडाकडे बोट दाखवायचा.

तो दगड सरकारचा होता. कुंडीशेठ आणि त्याचा थोरला भाऊ ऐन तरुण होते तेव्हा रस्ता रुंद करायचं ठरलं. नोटीस आली, मोजणीची माणसं आली, चारी कोपऱ्यांत दगड पुरून त्यांना लाल रंग फासून गेली. जमीन सरकार घेणार, मोबदला देणार, असं जाहीर झालं. मग जे गेले ते गेलेच. मोबदला आला नाही, रस्ता आला नाही, जागा ताब्यात घ्यायलाही कुणी फिरकलं नाही. दगड तेवढे राहिले. जमीन विकायला काढली तर गिऱ्हाईक दगड बघून परत जायचं, कर्ज मागितलं तर बँक दगडाचं नाव काढायची, साधी शेड पक्की करायची तर परवानगी नाही. ना धड आपली, ना धड त्यांची.

दुसरा कुणी असता तर चार दिवस चरफडून कामाला लागला असता. कुंडीशेठने मात्र मनाशी पक्कं केलं, की हे लोक एके दिवशी सकाळी बुलडोझर घेऊन उभे राहणार आणि आपल्याला श्वास घ्यायलाही वेळ देणार नाहीत. तेव्हा सगळं उचलता आलं पाहिजे. त्याने जमिनीतली रोपं काढून कुंड्यांत भरली. आणि कुंडी एका जागी फार दिवस राहिली की तळाच्या भोकातून मुळं बाहेर येऊन मातीत शिरतात, हे रोपवाटिकेतल्या कुणालाही ठाऊक असतं, म्हणून त्याने सरकवणीचा नियम काढला. दर दोन महिन्यांनी एकूण एक कुंडी उचलायची, खालची मुळं छाटायची आणि वीतभर बाजूला ठेवायची. मोठी पिंपं पहारीने तिरकी करून सरकवायची. त्याखाली जमिनीवर ओले गोल डाग उमटलेले असायचे. ते डाग बघितले की कुंडीशेठला बरं वाटायचं. काही रुजलेलं नाही, म्हणजे काही तुटणार नाही.

लग्नाचंही त्याने असंच कुंडीत ठेवलं. दोनदा ठरत आलं होतं. दोन्ही वेळा तो म्हणाला, एकदा जमिनीचं मिटू दे. मुलींनी वाट का बघावी? त्यांची मुलंही आता त्याच्याकडून गुलाब घेऊन जात होती.

थोरला भाऊ गेला आणि घराचं दार एक असूनही रोपवाटिकेचे दोन भाग झाले. भांडण असं काही झालं नाही. वहिनी एवढंच म्हणाल्या, "भाऊजी, कलमांचं काम मी बघते. मागची रांग माझ्याकडे राहू द्या. सरकवणीसुद्धा माझी मी करून घेईन." आणि त्यांनी मधोमध सावलीची हिरवी जाळी ताणून घेतली. कलमांना ऊन नको म्हणून, असं त्यांचं म्हणणं. कुंडीशेठने मान डोलावली आणि त्याच क्षणी त्याच्या मनात पाल चुकचुकली. ऊन वरून येतं. ही जाळी उभी का?

माणूस मानी होता. बोलावल्याशिवाय जाळीपलीकडे पाऊल टाकायचं नाही, असं त्याने ठरवलं आणि पाळलं. पण जाळीला एका जागी अंगठ्याएवढं भोक होतं, आणि त्या भोकाला डोळा लावायचा नाही असं काही त्याने ठरवलं नव्हतं.

त्या भोकातून त्याला बरंच दिसलं. वहिनी आपल्या रांगेची सरकवणी नेमकी तो बाजारात जायचा त्या दिवशी करून घेत. संध्याकाळी विचारलं की "झाली" म्हणत. पण जमिनीवर ओले डाग कधी दिसले नाहीत. त्याच्या बाजूचं लिंबू छातीपर्यंत येऊन थबकलं होतं आणि त्यांचं लिंबू जाळीच्या वर डोकं काढून रस्त्यावरची गंमत बघत होतं. खत तेच, पाण्याची टाकी तीच. म्हणजे पाणी वहिनी चोरून जास्त घेत असणार, हे त्याने ओळखलं आणि नळाला कुलूप घातलं. तरी त्यांची झाडं माजलेलीच. भाऊ गेला त्याच वर्षी त्याची चांगली करवत नाहीशी झाली होती, तीही त्याने वहिनींच्या खाती मांडून ठेवली.

हे सगळं त्याने पोटात ठेवलं असतं. पण भाऊ जाऊन बरीच वर्षं झाल्यावर सरकारला पुन्हा रस्त्याची आठवण झाली. जागा रिकामी करा, असा निरोप आला. मोबदल्याचं कुणी नाव काढीना. तेव्हा वहिनींनीच वकीलबाई शोधल्या आणि दीर-भावजय दोघं त्यांच्या ऑफिसात जाऊन बसले. ऑफिस म्हणजे दोन खोल्या, खाली झेरॉक्सचं दुकान, त्यामुळे जमिनीतून सारखी घरघर येत होती.

वकीलबाई चष्मा पुसत म्हणाल्या, "सरकारने जमीन घेतो म्हणायचं, आणि वर्षानुवर्षं पैसेही द्यायचे नाहीत आणि ताबाही घ्यायचा नाही, असं चालत नाही. दोन्हीतलं काहीच झालं नसेल तर संपादन रद्द होतं. जमीन तुमचीच राहते. दगड काढून फेका."

कुंडीशेठला हे इतकं सोपं वाटलं की त्याला संशय आला. "मग त्यांची काहीतरी मखलाशी असणार."

"आहे ना. ते म्हणतात, तुमचे दादा गेल्यावर पुढच्या वर्षी आम्ही येऊन ताबा घेतला. जागा मोकळी होती, जमिनीत एकही झाड नव्हतं. तुम्ही नंतर तिथे नुसत्या कुंड्या आणून ठेवल्यात."

"साफ खोटं. कुणी आलं नव्हतं. मी इथून हललो नाही कधी."

"हे मला पटतं. कोर्टाला दिसायला हवं." वकीलबाईंनी चष्मा घातला. "आणि शेठ, तुम्ही त्यांच्या ऑफिसात जाऊन काय म्हणाला होतात?"

कुंडीशेठला आठवलं नाही, म्हणजे आठवलं, पण आठवायचं नव्हतं. मागे कधीतरी तिथल्या साहेबाने हिणवलं, तेव्हा तो ऐटीत बोलून बसला होता, की माझं काय घेऊन बसलात, सगळं कुंड्यांत आहे, सांगाल त्या दिवशी उचलून निघतो. साहेबाने ते लक्षात ठेवलं होतं.

"कोर्टाने पाहणीसाठी एक माणूस नेमलाय," वकीलबाई म्हणाल्या. "निवृत्त इंजिनिअर आहेत. ते जागा बघतील आणि सांगतील, तुमचं तिथे खरोखर बस्तान आहे की नुसता मांडलेला माल."

"जमिनीत झाड नाही हे तर खरंच आहे," कुंडीशेठ खचून म्हणाला. "आपणच आपल्या पायावर धोंडा पाडून घेतला."

त्यावर वकीलबाईंनी वहिनींकडे पाहिलं. वहिनींनी खिडकीकडे पाहिलं. खिडकीबाहेर भिंत होती. कुंडीशेठने दोन्ही नजरा टिपल्या. कुठेतरी पाणी मुरत होतं.

"एक विनंती आहे," वकीलबाई म्हणाल्या. "पाहणीपर्यंत तुम्ही कुणाशी काही बोलू नका."

"मी कुठे बोलतो?"

"त्या टायरवाल्याशी तर अजिबात नको," वहिनी म्हणाल्या.

घरी आल्यावर तो आधी टायरवाल्याकडे गेला. टायरवाला ट्यूब पाण्यात बुडवून बुडबुडे कुठून येतात ते बघत होता. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि मान वर न करता म्हणाला, "शेठ, राग मानू नका. तुम्ही परवा बाजारात गेला होता तेव्हा मागच्या फाटकाने एक माणूस आत गेला. हातात टेप. वहिनींनीच फाटक उघडलं. बराच वेळ मोजत होते."

"सरकारी होता?"

"बूट तरी सरकारी वाटले."

कुंडीशेठच्या पायाखालची जमीन सरकली; आधीच ती त्याची की सरकारची हे ठरलेलं नव्हतं. आता सगळं जुळत गेलं. भाऊ गेल्यावर निम्मी जागा वहिनींची. त्यांनी परस्पर आपला भाग देऊन टाकला असेल. ताबा घेतला म्हणतात तो हाच. जाळी त्याचसाठी, बाजाराचे दिवस त्याचसाठी, वकीलबाईंशी नेत्रपल्लवी त्याचसाठी. त्या संध्याकाळी वहिनींनी नेहमीसारखा चहा आणला, तोही त्या नेहमीच्या निळ्या गोल तबकात. तसली निळी तबकं त्यांच्याकडे पुष्कळ होती. बियांच्या डब्यांवर झाकण म्हणून, रोपांच्या ट्रेखाली, उंदीर येतात त्या बिळावर, सगळीकडे तीच. कुठल्या सेलमध्ये एकगठ्ठा घेतली असतील, असं त्याला वाटे. चहा त्याने घेतला, पण आधी हुंगून बघितला. नंतर स्वतःचीच लाज वाटली, आणि लाज वाटली म्हणून वहिनींचा जास्त राग आला.

पाहणीच्या आदल्या दिवशी ऊन उतरल्यावर त्याला राहवेना. त्याने पहार उचलली, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा जाळी बाजूला सारून पलीकडे गेला. मागच्या रांगेत पिंपं ओळीने उभी होती. लिंबू, डाळिंब, अंजीर, पुन्हा लिंबू. खाली वाळक्या पानांचा थर होता, पिंपांच्या कडेने गच्च थापलेला. कुंडीशेठने पहिल्या अंजिराच्या पिंपाखाली पहारीचं टोक घातलं.

"हात लावू नका, भाऊजी."

वहिनी शेडच्या दारात उभ्या होत्या. हातात कलम बांधायची पट्टी होती. त्या आल्या आणि सरळ पिंपाला पाठ लावून उभ्या राहिल्या.

"काय पुरलंय इथे?" कुंडीशेठने विचारलं.

"उद्या बघा."

"उद्या काय, तुमचा टेपवाला येणार आहे का?"

वहिनींचा चेहरा जरा बदलला. "टायरवाल्याने सांगितलं वाटतं. म्हणजे तुम्ही त्याला आपलं सगळं सांगितलंत."

"कोण होता तो?"

"वकीलबाईंनी पाठवलेला माणूस."

"मला का नाही सांगितलं?"

"हे असं होतं म्हणून," वहिनी म्हणाल्या. "सकाळी तुम्हाला सांगावं आणि दुपारी रस्त्याने मला विचारावं."

तो पहार टाकून निघून गेला. जेवला नाही. अंथरुणावर पडून त्याने ठरवून टाकलं, की उद्या साहेबांसमोर, सगळ्यांदेखत हे पिंप हलवायचं. जमीन तर जाणारच आहे. जाता जाता खाली काय लपवलंय ते तरी कळू दे. त्याला आता जमिनीपेक्षा वहिनी खोट्या ठरायला हव्या होत्या. हे त्याला स्वतःलाही कळत होतं आणि तरी तो मागे हटेना.

पाहणीला आलेले इंजिनिअर वयस्कर, हळू चालणारे गृहस्थ होते. डोक्यावर टोपी, खिशात छोटी टेप. त्यांच्यासोबत भूसंपादन ऑफिसातला तोच साहेब होता, आणि वकीलबाई. इंजिनिअर पुढच्या बाजूने कुंड्यांमधून हिंडले, एक-दोन कुंड्या हाताने उचलून बघितल्या आणि पुन्हा जागेवर ठेवल्या.

"बघितलंत ना," साहेब म्हणाला. त्याच्या आवाजात दुष्टपणा नव्हता, कंटाळा होता. "सगळं हलतं. शेठनी स्वतःच सांगितलंय मागे. ताबा घेतला तेव्हा हे नव्हतंच."

"आणि त्या जाळीपलीकडे?"

"तिकडेही तेच. पिंपं आहेत."

जाळी बाजूला झाली. लिंबाची सावली सगळ्यांच्या अंगावर पडली. इंजिनिअरांनी टोपी काढून वर बघितलं. "पिंपात एवढं झाड?"

"हलवून दाखवतो," कुंडीशेठ म्हणाला.

वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले. वहिनी या वेळी आडव्या आल्या नाहीत. उलट त्यांनीच भिंतीला टेकलेली पहार आणून त्याच्या हातात दिली, आणि बाजूला झाल्या. ते बघून कुंडीशेठचा हात क्षणभर थांबला. चोर कधी किल्ली आणून देत नाही, एवढं त्याला कळत होतं. पण सगळे बघत होते.

त्याने पहार घातली आणि जोर दिला. आयुष्यभर पिंपं सरकवलेला माणूस तो, कुठे किती रेटायचं हे हाताला ठाऊक होतं. पिंप हललं नाही. त्याने पाय रोवून पुन्हा रेटलं. पिंप जागचं ढिम्म. मग त्याने पहार टाकली, खाली वाकून पिंपाला दोन्ही हातांनी मिठी मारली आणि वर ओढलं. उन्हाने पिचलेलं प्लॅस्टिक कडकन उभं तडकलं, आणि पिंप सालीसारखं सोलून त्याच्या हातात आलं. झाड जिथल्या तिथे होतं. त्याच्या बुंध्याशी माती होती, मातीत मनगटाएवढी मुळं होती, आणि ती मुळं कुठेही न थांबता थेट जमिनीत गेली होती. पिंपाला तळ नव्हताच.

इंजिनिअर गुडघ्यावर बसले, त्यांनी वाळकी पानं बाजूला केली, एका मुळाच्या मागे बोटाने माती उकरत गेले आणि बराच वेळ उकरतच राहिले. मग बुंध्याला टेप लावली. पुढच्या पिंपाशी गेले, तिथेही तेच. त्याच्या पुढच्याही.

"तुम्ही ताबा घेतला म्हणता त्या वर्षी ही झाडं जमिनीत होती," ते उठता उठता साहेबाला म्हणाले. "चांगली मोठी होती. तेव्हा तुम्ही नक्की कुठल्या मोकळ्या जागेचा ताबा घेतलात, ते मला दाखवा."

साहेबाने खिशातून मोबाइल काढला, वाजला नसताना कानाला लावला आणि फाटकाकडे गेला. वकीलबाई इंजिनिअरांशी बोलू लागल्या. निकाल लागायला अजून कोर्टाच्या तारखा होत्या, पण सकाळपासून पहिल्यांदाच त्यांचे खांदे सैल झाले होते.

कुंडीशेठ फुटकं पिंप हातात धरून तसाच उभा होता. वहिनी चहा घेऊन आल्या. इंजिनिअरांना दिला, वकीलबाईंना दिला, आणि तबक त्याच्यापुढे धरलं. निळं, गोल तबक. कडेला करवतीच्या दातांच्या खुणा अजून दिसत होत्या. कुंडीशेठने कप उचलला नाही. त्याने तबकाकडे बघितलं, हातातल्या पिंपाच्या तळाकडच्या कापलेल्या कडेकडे बघितलं. शेडमधली झाकणं, ट्रेखालच्या चकत्या, उंदराच्या बिळावरची चकती, सगळी एकदम त्याच्या डोळ्यांपुढे आली. त्याची करवत कुठे गेली तेही त्याला कळलं. इतकी वर्षं तो त्या तळांवरूनच चहा पीत आला होता.

"कधी केलंत हे?" त्याने विचारलं.

"हे गेले त्या महिन्यात."

"तेव्हाच कोर्टाचं डोक्यात होतं?"

"छे हो. मला कुठलं कोर्ट." वहिनी तबक धरून उभ्याच होत्या. "घरातला माणूस उठून गेला. बाहेर आले तर अंगणातली प्रत्येक गोष्ट उचलून न्यायला तयार. मला काहीतरी जागेवर राहणारं हवं होतं. तुम्हाला विचारलं असतं तर तुम्ही लाल दगड दाखवला असतात."

ते खरं होतं. त्याने तोच दाखवला असता.

"वहिनी, मी तुमच्यावर..." तो थांबला. कुठून सुरुवात करायची ते त्याला कळेना. पाणी होतं, करवत होती, टेपवाला होता, तो हुंगलेला चहा होता. "मी नळाला कुलूप घातलं."

"माहीत आहे मला. मुळं खाली गेल्यावर नळ कशाला लागतो?"

"मी त्या जाळीतून..."

"तेही माहीत आहे." वहिनींनी कप उचलून त्याच्या हातात दिला. "ते भोक पहिल्या महिन्यातच दिसलं होतं मला. सुई-दोरा घेऊन गेलेसुद्धा होते. मग म्हटलं राहू दे, भाऊजी रोज बघताहेत, कधीतरी नीट बघतील."

कुंडीशेठने चहा घेतला. या वेळी हुंगला नाही. चहा गार झाला होता. पलीकडे त्याच्या कुंड्या ओळीने मांडलेल्या होत्या, खाली वीतभर अंतरावर ओले गोल डाग होते. कालच सरकवणी झाली होती. त्यातलं छातीएवढं लिंबू वहिनींच्या लिंबाबरोबरच भरलेलं होतं, एकाच दिवशी, एकाच मातीने. ते त्याला आठवलं तेव्हा त्याने मान खाली घातली आणि वहिनींना दिसू नये म्हणून कपातच बघत राहिला.